यंदा कुणाचं घर?

वर्धा जिल्ह्याच्या सेलू तालुक्यातलं केळझर म्हणजेच महाभारतातलं एकचक्रानगर, असं इथली परंपरा सांगते. भीमाने बकासुराला मारलं ते इथेच. गाडाभर अन्न, गाड्याला जुंपलेले दोन रेडे आणि गाडा घेऊन जाणारा माणूस, असा त्या राक्षसाचा रतीब होता. लहानपणी ही गोष्ट ऐकताना भीम ते सगळं अन्न स्वतःच फस्त करतो, त्याची मजा वाटते. मोठेपणी आदिपर्वात तीच गोष्ट वाचली की नजर दुसरीकडे अडकते. पांडव ज्या घरी उतरलेले असतात, त्या घराची त्या दिवशी पाळी असते. बाप म्हणतो मी जातो, आई म्हणते मी जाते, मुलगी म्हणते मला पाठवा. बोबडं बोलणारं सर्वांत धाकटं पोर हातात गवताची काडी घेऊन म्हणतं, हिनेच मी राक्षसाला मारीन.

राक्षस गावाबाहेर राहतो. गावात राहते ती यादी. कुणीतरी ती सांभाळतं, कुणीतरी ती वाचून दाखवतं आणि ज्यांचं घर यंदा नाही ते त्या रात्री झोपतात. भयकथेचा खेळ मांडू पाहणाऱ्याला लागणारं सगळं या गोष्टीत आहे: धोका, त्याच्याशी जुळवून घेतलेलं गाव, आणि ‘आता कोण जाणार?’ हा प्रश्न. असा खेळ रचायचा आणि चालवायचा कसा, ते या प्रकरणात पाहू.

खेळाचं स्वरूप

टेबलाभोवती चार-पाच जण बसतात. त्यांतला एक सूत्रधार होतो, बाकीचे प्रत्येकी एक पात्र घेतात. सूत्रधार प्रसंग सांगतो, खेळाडू आपलं पात्र काय करतं ते सांगतात, आणि जिथे निकाल कुणालाच ठाऊक नसतो तिथे फासे टाकले जातात. पट लागत नाही, सोंगट्या लागत नाहीत. 1974 मध्ये अमेरिकेत गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांच्या ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ने हा प्रकार रुजवला. त्यात पात्रं लढतात, खजिना मिळवतात आणि दिवसेंदिवस बळकट होत जातात.

1981 मध्ये सँडी पीटरसन यांनी ‘कॉल ऑफ कथुल्हू’ हा खेळ तयार केला तेव्हा त्यांनी ही चढण उलटी फिरवली. एच. पी. लव्हक्राफ्ट यांच्या भयकथांवर बेतलेल्या या खेळात प्रत्येक पात्राला मनाच्या तोलाचे गुण असतात. भयंकर काही पाहिलं की फासे टाकायचे. फासा उलटा पडला की गुण कमी. याहून मोठी युक्ती पुढे आहे. मनाचा तोल जास्तीत जास्त 99 असू शकतो, पण त्या अमानवी सत्याबद्दलचं पात्राचं ज्ञान जितकं वाढेल तितके गुण या 99 मधून कायमचे वजा होतात. गूढ उकलायचं तर जाणून घ्यावंच लागतं आणि जाणून घेतलं की त्याची किंमत मोजावी लागते. भयखेळाचं सगळं यंत्र या एका नियमावर फिरतं.

पुढच्या खेळांनी याच कल्पनेला नवी साधनं दिली. 2005 च्या ‘ड्रेड’मध्ये फासेच नाहीत. टेबलावर जेंगाचा लाकडी मनोरा असतो. अवघड काम करायचं तर त्यातली एक पट्टी काढायची. ज्याच्या हातून मनोरा पडेल त्याचं पात्र खेळातून बाद. 2015 च्या ‘टेन कँडल्स’मध्ये दहा मेणबत्त्या लावून खेळ सुरू होतो, आणि शेवटची विझेपर्यंत एकही पात्र जिवंत राहणार नाही हे सगळ्यांना आधीच ठाऊक असतं.

रात्री एकत्र बसून भीती जागवण्याची रीत मात्र फार जुनी आहे. जपानमध्ये एदो काळात लोक शंभर वाती लावून बसत आणि एकेक भयकथा संपली की एकेक वात मालवत. आपल्याकडे बोर व्याघ्रप्रकल्पाच्या कडेच्या शेतांत रानडुकरं आणि रोही यांच्यापासून पीक राखायला माणसं जागलीला जातात, आणि मचाणावर रात्र काढताना चकव्याच्या, झोटिंगाच्या गोष्टी निघतातच. दिग्दर्शक राही अनिल बर्वे यांनी ‘तुंबाड’ या 2018 च्या चित्रपटाचं बीज 1993 मध्ये नागझिऱ्याच्या जंगलात एका मित्राच्या तोंडून ऐकलं. ती कथा नारायण धारप यांची होती. भयकथा तोंडी सांगितली की किती खोल जाते, याचा हा विदर्भातलाच दाखला. खेळात त्यापुढचं एक पाऊल पडतं: ऐकणारा स्वतः गोष्टीत असतो. दार उघडायचं की नाही, हे त्याला ठरवावं लागतं.

फासे काढण्याआधीची बैठक

पहिली बैठक फक्त बोलण्याची. सूत्रधाराने दोन प्रश्न विचारायचे. कोणता विषय खेळात अजिबात नको? आणि कोणता विषय आला तरी चालेल, पण त्याचं वर्णन नको, दार लोटून घ्यायचं? खेळ रचणारे रॉन एडवर्ड्स यांनी 2003 मध्ये यांना ‘रेषा’ आणि ‘पडदे’ अशी नावं दिली. जॉन स्टॅव्ह्रोपोलस यांनी त्याला आणखी सोपं साधन जोडलं: फुली काढलेलं एक कार्ड टेबलाच्या मधोमध ठेवायचं. खेळताना कुणीही त्याला हात लावला की तो प्रसंग तिथेच थांबतो किंवा बदलतो. कारण विचारायचं नाही, नंतरही नाही.

आपल्या जिल्ह्यात ही बैठक टाळून चालणारच नाही. शेतकरी आत्महत्यांमुळे 2006 मध्ये पंतप्रधानांनी विदर्भातल्या ज्या सहा जिल्ह्यांसाठी विशेष पॅकेज जाहीर केलं, त्यांत वर्धा आहे. टेबलाशी बसलेल्या पाचांपैकी कुणाच्या घरात, कुणाच्या भावकीत काय घडून गेलंय, हे चेहऱ्यावरून कळत नाही. कर्ज, कीटकनाशकाचा डबा, विहीर या गोष्टी सूत्रधाराला ‘वातावरणनिर्मिती’ वाटतील. समोरच्याला ती आठवण असेल. सगळ्यांची मोकळी संमती असल्याशिवाय त्यांना हात लावायचा नाही.

आधीच सगळं विचारलं तर भीती उरेल का, अशी शंका नवे सूत्रधार घेतात. अनुभव उलटा येतो. खेळ कुठे थांबतो हे ज्याला ठाऊक आहे, तो बिनधास्त पुढे जातो. ज्याला ठाऊक नाही तो अंग चोरून बसतो, विनोद करतो, मोबाइल काढतो. भीती सूत्रधार लादू शकत नाही. खेळाडू ती आपल्याजवळ येऊ देतो, आणि विश्वास असेल तरच येऊ देतो.

भूत कुणाला करायचं नाही

विदर्भात भीतीचा धंदा कसा चालतो, हे खणून काढणाऱ्यांची मोठी परंपरा आहे. श्याम मानव यांच्या अखिल भारतीय अंधश्रद्धा निर्मूलन समितीची सुरुवात 1982 मध्ये नागपुरात झाली. घरावर दगड पडतात, घडी घातलेले कपडे आपोआप पेटतात, अंगावर फुल्या उमटतात, अशा भानामतीच्या तक्रारी आल्या की कार्यकर्ते त्या घरी जातात आणि घरातल्या प्रत्येकाशी वेगवेगळं बोलतात. करणारं माणूस घरातलंच निघतं; पुष्कळदा ते कुठल्यातरी कोंडमाऱ्यात असतं आणि त्याला तो बोलून दाखवता येत नसतो. त्याला समज देऊन, त्याचं नाव जाहीर न करता प्रकार थांबवला जातो.

अंधश्रद्धा निर्मूलनाचं काम करणारे डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची 20 ऑगस्ट 2013 रोजी पुण्यात हत्या झाली. त्यानंतर त्याच वर्षी डिसेंबरात नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात जादूटोणाविरोधी कायदा मंजूर झाला. अमुक माणूस करणी करतो, मंत्र घालून जनावराचं दूध आटवतो, असा समज पसरवणं हा या कायद्याने गुन्हा आहे. कायद्यात दुधाचा उल्लेख करावा लागला, यावरून संशय किती साध्या गोष्टीवरून सुरू होतो आणि कुणाच्या दारात जाऊन थांबतो, ते ओळखता येतं.

म्हणून या प्रकरणातला सगळ्यात महत्त्वाचा नियम हा: गावात ज्यांच्याकडे आधीच बोट दाखवलं जातं, त्यांना खेळात भूत करायचं नाही. एकटी राहणारी म्हातारी, विधवा, भटक्या जमातीचं कुटुंब, गावकुसाबाहेरची वस्ती, मनाने आजारी असलेला माणूस यांच्यापैकी कुणीही ‘खरोखरच चेटूक करत होतं’ असा शेवट केला, तर आपण खेळातून त्या जुन्या संशयावर शिक्का मारतो. लव्हक्राफ्ट यांच्या कथांचाही हाच मोठा दोष. परके, गोऱ्यांहून वेगळे दिसणारे लोक तिथे वारंवार सैतानाचे चेले ठरतात. आजचे रचनाकार तो दोष उघडपणे मान्य करून नवी मांडणी करतात. क्रिस स्पायव्ही यांनी ‘हार्लेम अनबाउंड’मध्ये कथुल्हूच्या त्याच जगात न्यूयॉर्कमधल्या हार्लेमच्या कृष्णवर्णीय माणसांना केंद्रस्थानी आणलं.

खेळात भुतं खुशाल असावीत. पिंपळावरचा मुंजा असावा, शिवारातला चकवा असावा. फक्त संशयाचा काटा कुठे वळतो, त्यावर सूत्रधाराची नजर हवी. तसंच ज्या देवळात, ज्या दर्ग्यात आज माणसं नवस फेडायला जातात, त्या जागेला राक्षसाचं घर करू नये. काल्पनिक गाव रचणं अवघड नाही.

गोष्टीची बांधणी

आता एक डाव रचून पाहू. काळ 1920 चं दशक, मुलूख मध्य प्रांत व वऱ्हाड. पुलगाव ते आर्वी ही 35 किलोमीटरची नॅरोगेज 1917 मध्ये सुरू झालेली आहे. तिच्या एका छोट्या स्टेशनापासून बैलगाडीच्या वाटेवर आपलं काल्पनिक गाव. गावात मालगुजाराचा वाडा, एक जिनिंग-प्रेसिंग, एक डाकघर. दसऱ्यानंतर कापसाचा हंगाम लागतो. दर वर्षी रुईची पहिली गठाण स्टेशनावर जाण्याच्या आदल्या रात्री गावातलं एक माणूस दिसेनासं होतं. कुणी विचारलं तर ठरलेलं उत्तर मिळतं: कलकत्त्याला कामाला गेला.

या मागचं सत्य सूत्रधाराने सगळ्यात आधी लिहून काढायचं. 1899-1900 च्या भीषण दुष्काळात मालगुजाराने जमिनीखालचं धान्याचं पेव उघडलं आणि गाव जगवलं. त्या वेळी एक अट ठरली आणि एक वही सुरू झाली. त्या वहीत घरांची नावं आहेत. दुष्काळ सरला, वही चालू राहिली. पेवात खरोखर काही आहे का, हे सूत्रधाराने शेवटपर्यंत मोघम ठेवलं तरी चालतं. वही मात्र खरी असली पाहिजे.

पात्रं गावात गुंतलेली हवीत. डाकघरातला नवा कारकून, जिनच्या बॉयलरवर आलेला फिटर, मिशनच्या दवाखान्यातली नर्स आणि याच गावात वाढलेला शाळामास्तर, एवढी चार पुरेत. ‘ड्रेड’मधली एक पद्धत इथे उचलण्यासारखी आहे: पात्राचे आकडे भरण्याआधी खेळाडूला टोकदार प्रश्न द्यायचे. मास्तर, दहा वर्षं गावी यायचं टाळलंस ते कुणामुळे? नर्सबाई, कोणत्या रोग्याबद्दल तू डॉक्टरला खोटं सांगितलंस? उत्तरं खेळाडू देतात, म्हणून ती त्यांची होतात. पुढे भीती त्याच उत्तरांच्या दाराने आत येते.

मग सुगावे. इथे नवे सूत्रधार हमखास अडकतात: महत्त्वाचा कागद कपाटात ठेवतात, शोधायला फासे टाकायला लावतात, फासा चुकतो आणि गोष्ट तिथेच बसते. रॉबिन लॉज यांनी 2006 च्या ‘द एसोटेररिस्ट्स’मध्ये यावर सरळ तोडगा दिला: योग्य जागी पाहिलं की सुगावा मिळालाच पाहिजे. फासे धोक्यासाठी राखायचे. शिवाय कळीच्या प्रत्येक गोष्टीला निदान तीन वाटा ठेवाव्यात. आपल्या डावात ‘माणसं वहीवरून ठरतात’ हे तीन जागी कळतं. डाकघरात ‘कलकत्त्याला’ गेलेल्यांच्या नावची परत आलेली पत्रं साठलेली आहेत आणि त्यांच्याकडून एकही मनीऑर्डर आलेली नाही. जिनच्या हजेरीपटावर त्या माणसांच्या नावावर काट मारली आहे, ती गायब होण्याच्या आदल्या दिवशी. आणि गावाच्या टोकाला राहणाऱ्या, पोरं जिला घाबरून पळतात अशा म्हातारीला सालवार सगळी नावं तोंडपाठ आहेत. गाव तिला टाळतं, कारण ती विसरत नाही.

टेबलावरची रात्र

वर्णन कमी, नेमकं आणि एका वेळी एकाच इंद्रियाचं. ‘तुझ्या अंगावर काटा आला’ असं सूत्रधाराने कधीच सांगू नये. काटा येऊ द्यायचा की नाही, हे खेळाडूचं काम आहे. याच डावातला एक प्रसंग असा रंगू शकतो.

सूत्रधार : वाड्यामागचं अंगण. मधोमध दगडी झाकण, गाडीच्या चाकाएवढं. कडेने माती लिंपलेली आहे. माती ओली आहे.

फिटर : ओली? मंग आजच लिंपली असन कोनी. सरकवा झाकण.

सूत्रधार : तिघांनी जोर लावल्यावर सरकतं. आतून गरम, आंबूस हवा येते.

मास्तर : मी कंदील दोरीनं खाली सोडतो.

सूत्रधार : एक हात. दोन हात. भिंतीला कडबा लावलेला दिसतो. पाच हातांवर कंदील विझतो.

फिटर : वारा आला काय बे?

सूत्रधार : वारा नाही.

फिटर : वर घे. पेटव. पुन्हा सोड.

सूत्रधार : एक हात. दोन हात. पाच हातांवर कंदील विझतो.

फिटर : हवा खराब असन. पेव उघडल्या उघडल्या उतरत नसते कोनी.

नर्स : मले वाटते, खालून कोनीतरी फुंकते.

सूत्रधाराने इथे ‘खाली काहीतरी आहे’ असं कुठेही म्हटलेलं नाही. दुसऱ्यांदा त्याने कडब्याचं वाक्य सोडून तेच शब्द त्याच क्रमाने उच्चारले, एवढंच. फिटरचं म्हणणं शास्त्राला धरून आहे: बंद पेवातलं धान्य श्वसन करतं, कार्बन डायऑक्साइड तळाशी साठतो, ज्योत विझते आणि घाईने उतरलेला माणूस गुदमरतो. नर्सचं म्हणणं अंगावर येणारं आहे. दोन्ही अर्थ एकाच वेळी जिवंत ठेवणं, ही सूत्रधाराची सगळ्यात मोठी कमाई. कुठला खरा, ते त्याने सांगायचं नाही. दोरीला कोण बांधून घेणार, एवढंच विचारायचं.

जागेचाही विचार करावा. मे महिन्यात वर्ध्यात पारा 45 च्या घरात जातो आणि कूलरच्या घरघरीत हळू आवाजात सांगितलेलं काहीच पोचत नाही. त्यामुळे भयखेळाला पावसाळा आणि हिवाळा बरा. उन्हाळ्यातच खेळायचं ठरलं तर कूलर हेच हत्यार करता येतं: दोन तास तो चालू राहतो, सगळ्यांचे आवाज चढलेले असतात, आणि झाकण सरकण्याच्या क्षणी सूत्रधार उठून बटण बंद करतो. त्या अचानक शांततेची बरोबरी कुठल्याही पार्श्वसंगीताने होत नाही. उजेड फासे वाचता येतील इतका असावा. मोबाइल दुसऱ्या खोलीत. घरच्यांच्या फोनसाठी एकच चालू ठेवावा.

खेळाडू मध्येच हसतील. हसू द्यावं. ताण वाढला की माणूस हसतोच, आणि ते ओसरल्यावर पुढची भीती अधिक खोल जाते. हसणाऱ्याला दटावलं की मात्र विश्वास तुटतो.

फासा चुकतो तेव्हा

‘कॉल ऑफ कथुल्हू’मध्ये दहा बाजूंचे दोन फासे मिळून 1 ते 100 असा आकडा देतात. पात्राचं कौशल्य 50 असेल तर 50 किंवा त्याहून कमी पडलं की काम फत्ते. 2014 च्या सातव्या आवृत्तीत एक सुंदर सोय आहे: फासा चुकला तर खेळाडू पुन्हा टाकू शकतो, पण आधी आपण वेगळं काय करतोय ते सांगून, आणि आता हरलो तर काहीतरी वाईट घडेल हे मान्य करून. फिटर दोरी ओढतोय, पहिला फासा चुकला. तो म्हणतो, मी पेवाच्या काठावर पाय रोवून ओढतो. सूत्रधार सांगतो, ठीक. पुन्हा चुकलं तर काठ ढासळेल. आता टेबलावरचा प्रत्येक जण तो फासा श्वास रोखून पाहतो, कारण धोका खेळाडूने स्वतः निवडलेला आहे.

चुकलेल्या फाशाने वाट बंद होता कामा नये. ‘काही सापडलं नाही’ हे सगळ्यात निकामी उत्तर. कुलूप उघडलं, पण आवाजाने वाड्यात दिवा लागला, हे उपयोगाचं उत्तर.

पात्र मेलं तरी खेळाडूला कोपऱ्यात बसवून ठेवू नये. त्याला पाटलाची, जिनमधल्या म्हाताऱ्या मुकादमाची भूमिका द्यावी, किंवा यंदाचं नाव वहीतून वाचून दाखवण्याचं काम द्यावं. आत्तापर्यंत बरोबर असलेल्या मित्राच्या आवाजात ते नाव ऐकणं, हा त्या रात्रीचा सर्वांत भारी क्षण ठरू शकतो.

डाव मोडताना

शेवट खेळाडूंच्या निर्णयातून यावा. यंदाचं घर मास्तरचं निघालं, असं समजा. वही जाळायची? गावासमोर वाचायची? आपलं नाव त्यात लिहून दुसऱ्याचं वाचवायचं? की रात्रीच्या गाडीने पुलगाव गाठायचं? यातलं एकही उत्तर चुकीचं मानू नये आणि एकही फुकट देऊ नये. वही जाळली तर पंचवीस वर्षं गप्प राहिलेल्या गावाला पात्रांकडे पाहावं लागेल, आणि ते कसं पाहतं, तो शेवटचा प्रसंग.

खेळ संपला की लगेच उठायचं नाही. दिवे लावावेत, चहा आणि गोरसपाक मांडावा, आणि प्रत्येकाने पात्र बाजूला ठेवून स्वतःच्या नावाने बोलावं: कुठे मजा आली, कुठे नकोसं झालं, पुढच्या वेळी काय टाळूया. लपवलेलं सगळं सूत्रधाराने आता उघड करावं. या अर्ध्या तासाने भीती खेळापुरती राहते आणि घरी जाणारा खेळाडू तिला मागे ठेवून जातो.

हा खेळ मनोरंजन आहे आणि मनोरंजन म्हणूनच तो उत्तम आहे. तरीही तो चालवणाऱ्याच्या हातून एक मोलाचं काम होतं. भीती वाटत असताना नीट पाहायची, पुरावा मागायची, बोट कुणाकडे वळतंय ते तपासायची आणि यादी कोण लिहितंय हे विचारायची सवय तो पाच माणसांना तीन तासांत लावतो. ज्या मुलखात संशयाने माणसं उद्ध्वस्त झाली आहेत, तिथे ही सवय लाखमोलाची आहे. सुरुवातीला महागडी पुस्तकंही लागत नाहीत. चार विश्वासू मित्र, दहा बाजूंचे दोन फासे, एक फुलीचं कार्ड आणि आधी लिहून ठेवलेलं एक सत्य, एवढ्यावर पहिला डाव मांडता येतो.